ही कुणी विणली?

कुस्कोच्या बाजारात मी ती शाल घेतली, तेव्हा माझ्या अंगात अख्खी तुळशीबाग संचारली होती. दुकानातल्या बाईंनी कॅल्क्युलेटरवर १२० आकडा दाखवला. मी तो पुसून ५० केला. त्यांनी १००, मी ५५. मला स्पॅनिशचं अक्षर येत नाही, पण भाव करायला भाषा लागते कुठे? शेवटी नेहमीचं अस्त्र काढलं. पाठ फिरवली आणि चालू लागले. पाचव्या पावलाला हाक आली. ६० सोल, म्हणजे आपले साधारण तेराशे रुपये. 'बेबी अल्पाका'ची मऊसूत, शेंदरी शाल! हॉटेलवर येऊन सुनेला तीनतीनदा हात लावून बघायला लावलं.

"छान आहे हो, आई," ती म्हणाली. आवाजात काहीतरी होतं, पण भाव निम्मा केल्याच्या आनंदात मी तिकडे लक्षच दिलं नाही.

हे पेरू प्रकरण मुळात तिचंच. ती पुण्यात स्पॅनिश शिकली, त्याच भाषेच्या जोरावर नोकरी करते. २०२४ च्या जूनमध्ये तिचं लिमाला काम निघालं. मुलाला रजा नव्हती. "आई, तुम्हीच चला ना," असं ती म्हणाली आणि मी, आयुष्यभर बँकेत दुसऱ्यांच्या परदेशवारीचे चेक पास केलेली बाई, हो म्हणून बसले. माचू पिच्चू झालं. ते सगळ्यांनी फोटोत पाहिलेलंच आहे, मी वेगळं काय सांगणार! एक दिवस हातात उरला होता. तो तिने चिंचेरोच्या बाजूच्या एका वाडीत घालवायचं आधीच ठरवून ठेवलं होतं. तिथे बायकांचा विणकामाचा गट आहे. दिवसभर त्यांच्याबरोबर राहायचं, शेतात जायचं, जेवायचं, विणकाम बघायचं. वाडीचं नाव मुद्दामच लिहीत नाही. त्या बायकांनी मला घरात घेतलं होतं, वर्तमानपत्रात नव्हे.

कुस्कोपासून चिंचेरो जेमतेम तीस किलोमीटर. पण उंची बारा हजार फुटांच्या वर, आपल्या कळसूबाईच्या दुपटीहूनही जास्त. सकाळी सात वाजता गाडीत बसलो तर काचांवर दव गोठलेलं. जून म्हणजे तिकडचा कडाक्याचा हिवाळा. दिवसा लख्ख ऊन आणि रात्री पाण्याचा बर्फ. मी सगळे कपडे एकावर एक चढवले होते. त्यावर नवी शाल आणि गळ्याभोवती माझी इरकली ओढणी. आई गेल्यावर आम्ही बहिणींनी तिच्या साड्या वाटून घेतल्या, तेव्हा ही इरकल माझ्या वाट्याला आली. अंगाला विरली होती, म्हणून पदर आणि थोडा निळा भाग राखून ओढणी करून घेतली. प्रवासात ती माझ्याजवळ असतेच.

पठारावर गाडी आली आणि समोर चिकोन, वेरोनिका ही बर्फाची शिखरं उभी राहिली. खाली कापणी झालेली पिवळी-तांबडी शेतं आणि मध्ये पिउराय सरोवर. कुस्को शहराला प्यायचं पाणी इथून जातं. पानशेतचं पाणी पुण्याला येतं, तसंच. थोडं पुढे गेल्यावर मात्र सगळ्या शेतांच्या मधोमध खरवडलेली उघडी जमीन दिसली, डंपर फिरत होते. नवा आंतरराष्ट्रीय विमानतळ. २०१९ मध्ये जमीन सपाट करायला सुरुवात झाली, आम्ही गेलो तेव्हाही काम चालूच होतं. सून फोटो काढायला लागली, मग तिने फोन खाली ठेवला.

वाडीच्या तोंडाशी पाच-सहा जणी उभ्या होत्या. काळे घेरदार परकर, लाल जाकिटं, डोक्यावर बशीसारख्या चपट्या टोप्या, पाठीवर गाठोडं बांधलेलं आणि प्रत्येकीच्या हातात टकळी. हो, आपली टकळीच! बोलताना, हसताना, आमच्या गळ्यात फुलं घालतानासुद्धा त्या टकळ्या फिरायच्या थांबल्या नाहीत.

त्यांच्यातली पन्नाशीची एक जण आज आमची यजमानीण होती. तिची थोरली मुलगी कुस्कोला पर्यटनाचा अभ्यासक्रम करते, ती आमची गाईड. आईला फक्त क्वेचुआ नीट येते. त्यामुळे आई क्वेचुआत बोलणार, मुलगी स्पॅनिशमध्ये सांगणार आणि सून मला मराठीत. एवढ्या तीन उंबऱ्यांवरून येईपर्यंत विनोद शिळा व्हायचा, पण आम्ही तो शिळाच खाऊन हसायचो. मी विचारलं, हिला हाक काय मारायची? मुलगी म्हणाली, "मामाय म्हणा." क्वेचुआत 'मामा' म्हणजे आई, 'मामाय' म्हणजे माझी आई. आपण भाजीवालीलाही मावशी म्हणतो, तसं तिकडे कोणत्याही वडीलधाऱ्या बाईला म्हणतात. आमच्याकडे मामा म्हणजे आईचा भाऊ, हे तीन भाषांतून पलीकडे पोचलं तेव्हा सगळ्याजणी टकळ्या पोटाशी धरून हसल्या.

पहिला कार्यक्रम आम्हाला त्यांचे कपडे घालण्याचा. मला जरा अवघडल्यासारखं झालं. आपल्याकडे परदेशी पाहुणीला नऊवारी नेसवून, नथ घालून फोटो काढतात, तसलाच प्रकार. पण परकर बांधताना मामायने माझ्या कमरेला एक विणलेला पट्टा असा काही आवळला की ताठच उभी राहिले. "शेतात वाकायचंय, कंबर धरायला हवी," ती म्हणाली. म्हणजे फोटोसाठी नव्हतं तर!

शेताकडे निघण्याआधी मामायने कोकाची पानं काढली. ही कोका म्हणजे ज्याच्यापासून कोकेन काढतात तीच. पण पानाचं आणि त्या विषाचं नातं द्राक्ष आणि दारूपेक्षाही लांबचं आहे, असं तिकडची माणसं ठासून सांगतात. पेरूमध्ये पान चघळणं, त्याचा चहा पिणं यात बेकायदा काही नाही, आणि उंचीवर धाप लागते तेव्हा बरंही वाटतं. तिने तीन अखंड पानं निवडून, देठं जुळवून पंख्यासारखी दोन बोटांत धरली. डोंगरांकडे तोंड करून त्यांवर हळूच फुंकर घातली. डोंगर म्हणजे 'आपू', तिथले रक्षणकर्ते. जमीन म्हणजे 'पाचामामा', धरणीमाता. या तीन पानांच्या जुडीला 'किंतू' म्हणतात. माझा हात नकळत जोडला गेला. तीन पानं, अखंड, देठाशी जुळलेली... आमच्याकडे बेलाचं पान असंच वाहतात, हे मी सांगितलं. मामायने मान डोलावली. तिला त्यात नवल वाटल्यासारखं दिसलं नाही.

बटाट्याची काढणी संपत आली होती, शेवटचा एक तुकडा राहिला होता. शेजारच्या दोन घरची माणसं मदतीला आलेली. मजुरी नाही. आज हे यांच्या शेतात, उद्या हे त्यांच्या. याला 'आय्नी' म्हणतात. मुलगी समजावून सांगत होती आणि मी म्हणाले, अगं, ही तर सावड! माझ्या आईच्या माहेरी सावडीने पेरण्या व्हायच्या. आणि सगळ्या गावाने मिळून एखाद्याचं काम उरकायचं, त्याने जेवण घालायचं, ती इर्जिक. त्यांच्याकडे तिला 'मिंका' आहे. फरक एवढाच, की आईच्या माहेरी हे शब्द आता म्हाताऱ्यांच्याच तोंडी उरलेत.

छोटी कुदळ घेऊन मीही वाकले. पाच मिनिटांत छातीचा भाता झाला. शिवाय माझ्या कुदळीने चार बटाटे चिरले. मामायने एकही शब्द न बोलता ते वेगळ्या टोपलीत टाकले, आजच संपवायचे म्हणून. मी मग खाली बसून नुसते वेचू लागले. आणि काय बटाटे हो ते! जांभळे, काळे, गुलाबी, कापले तर आत चक्र उमटलेले, काही बोटासारखे लांब. अँडीज पर्वतात बटाट्याच्या तीन हजारांहून जास्त जाती आहेत. सात-आठ हजार वर्षांपूर्वी माणसाने बटाटा लावायला सुरुवात केली ती याच डोंगरांत. स्पॅनिशांनी तो युरोपात नेला, पोर्तुगीजांनी आपल्याकडे आणला आणि 'बटाटा' हा शब्दही आपण त्यांच्याकडूनच घेतला. मंडईत आपण फार तर 'तळेगावचा की इंदूरचा' एवढं विचारतो.

वेचता वेचता एक विचित्र बटाटा हाती आला. आल्याच्या गड्ड्यासारखा गाठीगाठींचा. तो पाहिला आणि बायकांत खसखस पिकली. त्याचं नाव 'काच्चुन वाकाची'. अर्थ : सुनेला रडवणारा! लग्नाआधी मुलीला हा सोलायला द्यायचे. फार गर न घालवता, सालं पातळ काढून सोलला तर सून पास. मामायने तो सरळ माझ्या सुनेच्या हातात ठेवला आणि एक सुरी माझ्या. परीक्षा घ्यायची मी! सुनेने सुरी मागितली, गाठी बघितल्या आणि म्हणाली, "आई, आपल्याकडे याची सालासकट भाजी करतात असं सांगू का?" मी म्हणाले, सांग. माझ्या सासूबाईंनी मला पहिल्या दिवशी फणस कापायला दिला होता, ते आठवलं. तेलाचा हात न लावता. पण ते पुराण तिथे काढलं नाही.

जेवणाची सोय शेतातच. वाळलेल्या ढेकळांची घुमटासारखी भट्टी रचायची, आत लाकडं पेटवायची. ढेकळं लालभडक झाली की आत बटाटे टाकायचे आणि ती भट्टी वरून कोसळवून मातीने झाकून टाकायची. हुरड्याच्या आगटीची आठवण झालीच. ही 'वातिया', फक्त काढणीच्या दिवसांतली. अर्ध्या-पाऊण तासाने माती उकरली तेव्हा जो वास सुटला, त्याला मराठीत शब्द नाही. पहिल्या पावसाच्या वासात भाजल्याचा वास मिसळला तर कदाचित. मी शाकाहारी, हे आधीच कळवलं होतं. सणाला त्यांच्याकडे गिनीपिग शिजवतात. स्वयंपाकघरात चुलीपाशी ते चुकचुकत फिरतानाही मी नंतर पाहिले. माझ्यापुढे आला तो बटाटा, उकडलेल्या वालासारख्या शेंगांचे दाणे, चीज आणि दगडावर वाटलेली हिरवी चटणी. दगड म्हणजे अगदी पाटाच, वरवंटा तेवढा अर्धचंद्राकृती, दोन्ही हातांनी झुलवायचा. चटणीत तिकडची मांसल मिरची आणि झेंडूच्या कुळातला एक उग्र पाला. नाकातून पाणी आलं. मग आणखी घेतली.

गोड म्हणून मुलीने वड्या दिल्या. तोंडात टाकली आणि मी थांबले. राजगिऱ्याची चिक्की! तिकडे त्याला 'किविचा' म्हणतात. तेव्हा लक्षात आलं, आपलं उपासाचं ताट म्हणजे बहुतेक सगळं समुद्रापलीकडून आलेलं. बटाटा, रताळं, शेंगदाणे, मिरची, राजगिरा, साबुदाणा ज्या कंदाचा होतो तो कंदसुद्धा, ही सगळी मूळची अमेरिका खंडातली. आणि आम्ही चतुर्थीला सुनांना सांगतो, 'हे चालतं, ते चालत नाही'! सून माझ्याकडे बघून गालात हसत होती. तिला परवाचाच प्रसंग आठवला असणार.

परतताना अंगणात गवतावर बारके बटाटे पसरलेले दिसले. रात्रीच्या गारठ्यात गोठवायचे, सकाळी पायांनी तुडवून पाणी काढायचं, उन्हात वाळवायचे, पुन्हा रात्री गोठवायचे. याचा 'चुन्यो' होतो, वर्षानुवर्षं टिकतो. एका म्हाताऱ्या बाई त्या वाळवणाची राखण करत बसल्या होत्या. मामायच्या सासूबाई. आम्ही त्यांच्याशेजारी उन्हात टेकलो. मामाय आत पाणी तापवायला गेली.

आजी वयाच्या पंचाहत्तरीच्या पुढच्या. शाळेत गेल्या नाहीत. धाकट्या भावाला घातलं होतं, पण वर्गात क्वेचुआत बोललं की मार बसायचा, म्हणून तोही पळून आला. पुढे १९७५ मध्ये क्वेचुआ सरकारी भाषा झाली, त्याचा आजींना काही उपयोग झाला नाही. पण एक गोष्ट त्यांनी आपणहून सांगितली. पेरूमध्ये स्त्रियांना मताचा हक्क १९५५ मध्ये मिळाला, पण लिहिता-वाचता येणाऱ्यांनाच. म्हणजे डोंगरातल्या बहुतेक बायका बाहेरच. निरक्षरांना हक्क दिला तो १९७९ च्या राज्यघटनेने, आणि १९८० मध्ये आजींनी पहिल्यांदा मत दिलं. "त्या दिवशी मी माझी लग्नातली लिक्या पांघरून गेले," त्या म्हणाल्या. लिक्या म्हणजे खांद्यावरचं विणलेलं वस्त्र. नातीला ही गोष्ट माहीत नव्हती. भाषांतर करता करता ती मध्येच थांबली आणि आजीलाच काहीतरी विचारत राहिली. आम्ही दोघी गप्प बसलो. आजीने १९५२ च्या निवडणुकीबद्दल मला विचारलं असतं, तर माझी आजी कुठली साडी नेसून मतदानाला गेली होती हे मला कुठे सांगता आलं असतं?

मग विणकाम. आधी लोकर धुणं. एका मुळाचा कीस पाण्यात घोळला की रिठ्यासारखा फेस येतो, त्यात लोकर पांढरीशुभ्र. मग टकळी. शाळेत आम्हाला सूतकताईचा तास होता, म्हणून मी ऐटीत हात पुढे केला. पहिले तीनदा धागा तुटला. चौथ्यांदा बोटांना काय आठवलं कोण जाणे, हातभर धागा निघाला. बायकांनी टाळ्या वाजवल्या. सून म्हणाली, "आई, हे तुम्ही कधी सांगितलंच नाहीत!" कशाला सांगणार? पन्नास वर्षं मलाच ठाऊक नव्हतं.

रंगांची तर जादूच. मामायने निवडुंगाच्या पानावरचा राखाडी, ज्वारीच्या दाण्याहूनही बारका किडा खरवडून तळहातावर चिरडला. हात रक्तासारखा लाल. हा कोचिनील. रंग देते ती फक्त मादी. त्यावर लिंबू पिळलं, लाल रंग केशरी झाला. खारट माती चोळली, जांभळा झाला. आपल्या 'किरमिजी' शब्दाचं नातंही अशाच रंग देणाऱ्या किड्याशी, कृमीशी आहे. एरवी लिपस्टिक लावताना कुणाला आठवतं!

माग म्हणजे दोन काठ्या. एक खुंटाला बांधलेली, दुसरी मामायच्या कमरेच्या पट्ट्याला. ताणा घट्ट करायचा तर ती मागे रेलते, सैल करायचा तर पुढे वाकते. सगळं शरीरच मागाचा अर्धा भाग. लामाच्या हाडाची टोकदार सळी घेऊन ती धागे उचलते, मोजते, सोडते. समोर नक्षीचा कागद नाही. नक्षीला 'पाय्याय' म्हणतात, म्हणजे वेचणं. बटाटे वेचण्यालाही तोच शब्द. चिंचेरोची स्वतःची एक नक्षी आहे, 'लोराय्पू', इंग्रजी एस अक्षरासारख्या वळणांची. मुली आठ-नऊ वर्षांच्या झाल्या की आधी 'हाकिमा' ही बोटभर रुंदीची पट्टी विणायला शिकतात. तिथे उतरलं की मग मोठं काम. लिक्याला दीड-दोन महिने लागतात, तेही शेत, गुरं, स्वयंपाक, पाहुणे सांभाळून. माझी मोजदाद करायची बँकेतली सवय जागी झाली. पण ते तास कुठून कुठे लावायचे तेच कळेना. चालताना कातलेला धागा कुठल्या खात्यात धरायचा?

मी मोठ्या कौतुकाने माझी अल्पाका शाल पुढे केली. मामायने ती दोन बोटांत धरली. काही बोलली नाही. शालीच्या दशीतला एक धागा तोडला, चुलीतलं जळतं लाकूड घेतलं आणि धाग्याला लावलं. शेजारी स्वतःच्या लोकरीचा धागा जाळला. तिच्या धाग्याला जळक्या केसांचा वास आला आणि राख झाली. माझा धागा वितळून त्याचा टणक काळा मणी झाला. ॲक्रिलिक. सून खाली बघत होती. तिला कालच कळलं होतं तर! साठ सोलला मी लुटून आणल्याच्या आनंदात होते आणि लुटली मीच गेले होते. पण खरं सांगते, त्या दुकानातल्या बाईंचा राग यायच्या आधी स्वतःचीच लाज वाटली. १२० चे ६० करताना शाल खरी असती, तर मी कुणाचे किती दिवस कापले असते?

मामायचं लक्ष मात्र शालीवर नव्हतंच. ती माझ्या गळ्याकडे बघत होती. "ती दाखव," तिने खुणेने सांगितलं.

मी इरकली ओढणी काढून दिली. तिने आधी ती उलटी केली. (आपण साडी घेताना सुलटी बघतो.) मग उन्हात धरली, काठावरून अंगठा फिरवला आणि निळं अंग जिथे लाल पदराला मिळतं तिथे येऊन थांबली. नखाने ती रेघ पुन्हा पुन्हा चाचपली. आणखी दोघींना हाक मारली. तिघी डोकी जुळवून बघायला लागल्या. मग प्रश्न आला, तीन भाषांतून.

"उभा धागा निळा आहे. मध्येच तो लाल कसा झाला?"

मला प्रश्नच कळला नाही. मग समजावून घेतला. आडवा धागा विणता विणता हवा तेव्हा बदलता येतो. पण उभा, ताण्याचा धागा माग लावताना एकदाच लावतात, तो सुरुवातीपासून शेवटपर्यंत एकच असायला हवा. इथे तो वाटेत रंग बदलतो. म्हणजे कुणीतरी प्रत्येक उभा धागा तिथे दुसऱ्या धाग्यात गुंतवला आहे. एकेक करून. शेकडो. तिघींपैकी एक म्हणाली, पितुमार्का गावाकडे जुन्या बायकांना असंच काहीसं यायचं. ती कला विसरल्यात जमा होती. निल्दा कायान्याउपा या चिंचेरोच्याच विणकर बाईंनी इतरांबरोबर १९९६ मध्ये कुस्कोला पारंपरिक वस्त्रांचं केंद्र उभं केलं, त्या केंद्राच्या खटपटीतून ती तिथे पुन्हा विणली जाऊ लागली.

"याला किती दिवस लागतात?" दुसरा प्रश्न.

माहीत नाही.

"ही कुणी विणली?"

मी म्हणाले, "माझ्या आईची आहे."

सुनेने सांगितलं, मुलीने सांगितलं. मामायने मान हलवली. "आईची, हो. पण विणली कुणी?"

आईने ती साडी निदान वीस वर्षं नेसली. तिच्या पदराला आम्ही तोंडं पुसली. पदराला टोपी पदर म्हणतात, एवढं मला माहीत होतं. सूटकेसमध्ये माझ्या आणखी चार साड्या होत्या, एक त्यातली चांगली महागाची. एकीचाही विणणारा मला माहीत नव्हता. मामाय वाट बघत होती. तिला त्यात अवघड काही विचारलंय असं वाटतच नव्हतं. त्यांच्या गटात विकायच्या प्रत्येक वस्त्राला विणणारीच्या नावाची चिठ्ठी बांधलेली असते.

"नाही माहीत," मी शेवटी म्हणाले. तिने ओढणीची नीट घडी घातली, सुलटी बाजू आत ठेवून, आणि दोन्ही हातांनी मला परत दिली.

निघायच्या आधी मुलीशी गप्पा झाल्या. विमानतळ झाला की काम मिळेल, असं ती म्हणते. जमिनीचे पैसे आलेल्या घरांनी सिमेंटचे मजले चढवलेत, काहींचे पैसे संपलेही. सरोवराचं काय होईल याची काळजी तिच्या वडिलांना. तिला स्वतःला लिक्या विणता येते, पण पूर्ण केलेली एकच. "शिकायला कुस्कोला राहते, तर विणायला वेळ नाही. विणत बसले, तर शिकायचं राहतं. आणि विणायचं सोडलं, तर शिकून पाहुण्यांना दाखवू काय?" हे तिने हसत हसत सांगितलं. सून बराच वेळ तिच्याशी बोलत राहिली. त्यातलं सगळं तिने मला भाषांतर करून सांगितलं नाही, आणि मीही विचारलं नाही.

खरेदीची वेळ आली. लिक्या ६०० सोल, तेरा हजार रुपयांच्या घरात. माझा हात पोचला नाही, हे कबूल करायला हवं. मी एक हाकिमा उचलली. ५० सोल. मुलीने कॅल्क्युलेटर पुढे केला, पाहुण्यांची सवय तिलाही माहीत. सून श्वास रोखून माझ्याकडे बघत होती. मी पन्नासची नोट काढून मामायच्या हातात ठेवली. तिने ती कपाळाला लावली, मग परकराच्या घडीतून किरमिजी लोकरीचा एक छोटा गुंडा काढून माझ्या मुठीत कोंबला. "यापा," ती म्हणाली. म्हणजे वर. मंडईत भाजीवाली वर चार मिरच्या टाकते, ती वर.

पुण्याला आल्यावर आठवड्याभराने मावशीला फोन केला. ती चौऱ्याऐंशीची. आईच्या मागे तेवढीच उरलीय. विचारलं, आईची ती निळी इरकल कुठली गं?

"लाल पदराची? अगं, आजोबांची बदली बागलकोटला होती ना, तेव्हाची. दुकानातली नाही हं ती. इलकलला एका घरी माग होता, तिथून घेतली होती. आम्ही दोघी गेलो होतो दादांबरोबर. ती बाई पदर जोडत बसली होती, तिने आम्हाला गूळ-शेंगदाणे दिले. थांब हं, नाव होतं तिचं... तुझ्या आईने तिला नावाने हाक मारली होती..."

पलीकडे बराच वेळ शांतता.

"आठवलं की फोन करते," मावशी म्हणाली.